दिवाणी अपील आणि गैरहजेरी : व्यापाऱ्याने जाणून घ्यावयाच्या काही गोष्टी

दाव्याचा निकाल विरुद्ध गेला म्हणजे व्यापारी मनुष्य सहसा स्वस्थ बसत नाही. तो वकिलांचा सल्ला घेतो, निकालाच्या नकला काढतो, कोर्ट-फी भरतो आणि अपील दाखल करतो. अपिलाबरोबर हुकूमनाम्यास स्थगितीही मिळाली तर पेढीवर सर्वांस हायसे वाटते. त्यानंतर मात्र पुष्कळदा असे होते की, कागदांचे गाठोडे कपाटात जाते, हंगाम सुरू होतो, आणि वकिलांस एकदा काम सोपविले म्हणजे आपले कर्तव्य संपले अशी सर्वांची समजूत होऊन बसते.

ही समजूत चुकीची आहे, आणि ती किती महाग पडू शकते हे दाखविणे हा प्रस्तुत लेखाचा हेतू आहे. अपील दाखल करणे आणि अपील चालविणे या दोन निरनिराळ्या गोष्टी आहेत. पहिली एका दिवसात होते. दुसरीस वर्षे लागतात. गुणदोषांवर हरलेल्या अपिलात निदान आपले म्हणणे कोणी ऐकून घेतल्याचे समाधान असते. गैरहजेरीमुळे गेलेल्या अपिलात तेही नसते.

कायदा काय म्हणतो

आपल्या सभासदांच्या पेढ्या बेळगाव, निपाणी, पणजी, मडगाव, इंदूर, ग्वाल्हेर, बडोदे, हैदराबाद अशा दूरदूरच्या ठिकाणी आहेत. राज्ये निराळी आणि उच्च न्यायालयेही निराळी. परंतु दिवाणी कामाची मूळ संहिता सर्वत्र एकच, ती म्हणजे १९०८ ची दिवाणी प्रक्रिया संहिता. गोव्यात पोर्तुगीज अमदानीतील प्रक्रिया होती. तेथेही १९६५ च्या कायद्यान्वये ही संहिता १५ जून १९६६ पासून लागू झाली. उच्च न्यायालयांस आपापल्या हद्दीपुरते नियमांत फेरफार करण्याचा अधिकार असल्यामुळे बारीकसारीक बाबतीत स्थानिक वकिलांस विचारणे अवश्य आहे. मुख्य तत्त्वे मात्र सर्वांस सारखी आहेत.

या संहितेचा ४१ वा आदेश अपिलांसंबंधी आहे. त्यातील दोन नियम प्रत्येक अपीलकर्त्याने ध्यानात ठेवावेत. अपील दाखल करून घ्यावे की नाही याची प्राथमिक सुनावणी ज्या दिवशी असेल त्या दिवशी अपीलकर्ता किंवा त्याचा वकील हजर नसेल, तर नियम ११ (२) प्रमाणे न्यायालय अपील काढून टाकू शकते. पुढे उत्तरवादीस नोटीस लागून अपील अखेरच्या सुनावणीस आले आणि त्या दिवशी पुकारा झाल्यावर अपीलकर्त्यातर्फे कोणी उभे राहिले नाही, तर नियम १७ (१) प्रमाणे तोच परिणाम होऊ शकतो. दोन्ही ठिकाणी कायद्याने न्यायालयावर सक्ती केलेली नाही. न्यायाधीश तारीख पुढे ढकलू शकतात आणि पुष्कळदा ढकलतातही. परंतु आज मिळालेली तहकुबी हा उद्याचा हक्क नव्हे.

येथे एक महत्त्वाचा भेद आहे. अपीलकर्ता गैरहजर असता न्यायालयास अपील गैरहजेरीमुळे काढून टाकता येते. पण त्याच्या पाठीमागे कागदपत्रे वाचून ‘अपिलात काही तथ्य नाही’ असा गुणदोषांवर निकाल देता येत नाही. याविषयी पूर्वी मतभेद असत. १९७६ च्या दुरुस्तीने नियम १७ ला स्पष्टीकरण जोडून तो प्रश्न मिटविण्यात आला, आणि ‘अब्दुर रहमान विरुद्ध अतिफा बेगम’ (१९९६) या प्रकरणात सर्वोच्च न्यायालयाने तेच सांगितले. हा भेद केवळ शास्त्रार्थाचा नाही. अपील गैरहजेरीमुळे गेले असेल तर ते पुन्हा दाखल करून घेण्याचा मार्ग मोकळा राहतो. गुणदोषांवर निकाल झाला की तो मार्ग बंद होतो.

गैरहजर राहणारा जर उत्तरवादी असेल, तर अपील काढून टाकले जात नाही. नियम १७ (२) प्रमाणे ते एकतर्फी चालते. म्हणून खालच्या न्यायालयात दावा जिंकलेल्या व्यापाऱ्यानेही अपिलाची नोटीस आल्यावर ‘आपण तर जिंकलो आहोत’ असे म्हणून निश्चिंत राहू नये. जिंकलेला हुकूमनामा अपिलात एकतर्फी फिरू शकतो.

अपील गेल्यावर काय होते

एक काल्पनिक उदाहरण घेऊ. निपाणीच्या एका तंबाखू व्यापाऱ्यावर मालाच्या किमतीपोटी २,००,००० रुपयांचा, दरसाल दरशेकडा १२ व्याजासह हुकूमनामा झाला. मालाच्या प्रतीविषयी आणि आधी दिलेल्या रकमेच्या जमेविषयी त्याची तक्रार खरी होती. वहीत तशा नोंदी होत्या. त्याने अपील केले आणि एका स्नेह्याचा जामीन देऊन स्थगिती मिळविली. सहा वर्षांनी अपील सुनावणीस आले. मधल्या काळात वकिलांनी वकिली सोडली होती, पेढीचा पत्ता बदलला होता, आणि ते काम पाहणारे दिवाणजी दुसरीकडे गेले होते. पुकारा झाला, कोणी उभे राहिले नाही, अपील निघाले.

त्या क्षणी पुढील गोष्टी घडतात. अपिलावर अवलंबून असलेली स्थगिती संपते. खालच्या न्यायालयाचा हुकूमनामा होता तसा उभा राहतो. मुद्दल २,००,००० आणि सहा वर्षांचे सरळ व्याज १,४४,००० मिळून ३,४४,००० रुपये, शिवाय खर्च, यासाठी समोरच्या पक्षास दरखास्त लावता येते. अशी दरखास्त करण्यास मुदतीच्या कायद्याने १२ वर्षांचा अवधी दिलेला आहे. तेव्हा समोरचा पक्ष विसरेल ही आशा व्यर्थ होय. दुकानातील माल, बँकेतील खाते यांवर जप्ती येऊ शकते, आणि ज्या स्नेह्याने जामीन दिला त्याच्या दारातही बेलिफ जाऊ शकतो. व्यापारात पैशाचे नुकसान भरून निघते. जामीनदारापुढे गेलेली पत सहसा भरून निघत नाही.

व्याजाचा मुद्दा व्यापाऱ्यांनी विशेष लक्षात घ्यावा. सामान्यतः हुकूमनाम्यानंतरचे व्याज शेकडा ६ पेक्षा अधिक नसते. परंतु संहितेच्या कलम ३४ प्रमाणे देणे व्यापारी व्यवहारातून उत्पन्न झाले असेल, तर कराराच्या दराने, किंवा करारात दर नसल्यास बँकांच्या कर्जाच्या दरापर्यंत व्याज देवविता येते. म्हणजे अपील पडून राहण्याचा काळ व्यापाऱ्यास इतरांपेक्षा अधिक महाग पडू शकतो. वरील उदाहरणातील व्यापाऱ्याने सहा वर्षांचे व्याज अंगावर घेतले. त्याच्या मोबदल्यात त्याला एका दिवसाची सुनावणीही मिळाली नाही.

तीस दिवस

असे अपील पुन्हा दाखल करून घेण्यासाठी आदेश ४१, नियम १९ प्रमाणे त्याच न्यायालयाकडे अर्ज करता येतो. हजर न राहण्यास पुरेसे कारण होते असे अर्जदाराने दाखविले पाहिजे. न्यायालयाची खात्री झाल्यास ते खर्चाविषयी किंवा इतर योग्य त्या अटी घालून अपील पुन्हा घेते. अर्ज नामंजूर झाल्यास त्या नकाराविरुद्ध अपील करण्याची तरतूद आदेश ४३ मध्ये आहे. मात्र गैरहजेरीमुळे अपील काढून टाकल्याचा हुकूम हा ‘हुकूमनामा’ या संज्ञेत येत नाही. म्हणून त्यावर सरळ दुसरे अपील करण्याचा विचार व्यर्थ आहे. दार कोणते हे चुकले की वेळही जातो.

या अर्जाची मुदत १९६३ च्या मुदतीच्या कायद्यातील अनुच्छेद १२२ प्रमाणे ३० दिवसांची आहे, आणि ती अपील काढून टाकल्याच्या तारखेपासून मोजली जाते. आपणास बातमी कळल्याच्या तारखेपासून नव्हे. एकतर्फी निकाल झालेल्या उत्तरवादीस अनुच्छेद १२३ प्रमाणे निराळी सवलत आहे: त्याच्यावर नोटीस रीतसर बजावली गेली नसेल, तर त्याचे ३० दिवस कळल्यापासून चालू होतात. अपीलकर्त्याने मात्र स्वतः अपील केलेले असते. त्याला आपल्या कामाची खबर असली पाहिजे, असे कायदा गृहीत धरतो.

मुदत टळली तर कलम ५ खाली विलंब माफ करण्याचा अर्ज जोडावा लागतो. ‘कलेक्टर, लँड ॲक्विझिशन, अनंतनाग विरुद्ध कातिजी’ (१९८७) या प्रकरणात सर्वोच्च न्यायालयाने विलंबाकडे उदार दृष्टीने पाहावे आणि तांत्रिकतेपेक्षा खऱ्या न्यायास महत्त्व द्यावे, असा दंडक घालून दिला. कोरोनाच्या साथीच्या काळात तर त्याच न्यायालयाने १५ मार्च २०२० ते २८ फेब्रुवारी २०२२ हा काळ मुदतीतून सरसकट वगळला. परंतु अशी सरसकट सवलत हा अपवाद झाला. एरवी ज्याने त्याने आपला विलंब स्वतःच समजावून द्यावयाचा असतो. आजारपणाचे दाखले, वकिलांचे निधन, तारखेची झालेली चुकीची नोंद यांसारखे कारण पुराव्यासह मांडता येते. ‘हंगामाची गर्दी होती’ हे कारण न्यायालयात सांगण्याजोगे नाही.

वकिलांची चूक, आणि व्यापाऱ्याची

आता सर्वांत महत्त्वाचा प्रश्न. वकील हजर राहिले नाहीत, तर त्याचे फळ पक्षकाराने का भोगावे?

‘रफिक विरुद्ध मुन्शीलाल’ (१९८१) या प्रकरणात नेमका हाच प्रश्न होता. अलाहाबाद उच्च न्यायालयातील अपील वकिलांच्या गैरहजेरीत निघाले आणि ते पुन्हा घेण्यास त्या न्यायालयाने नकार दिला. सर्वोच्च न्यायालयाने तो नकार रद्द केला. पक्षकाराने वकील नेमला, फी दिली, सांगितलेले सर्व केले. खेड्यातल्या माणसाने उच्च न्यायालयात जाऊन आपला वकील काय करतो यावर पहारा ठेवावा अशी अपेक्षा करता येत नाही, असा त्या निकालाचा आशय आहे. विरुद्ध पक्षास द्यावयाचा २०० रुपयांचा खर्चही गैरहजर राहिलेल्या वकिलांकडून वसूल व्हावा, असे न्यायालयाने ठरविले.

हा निकाल पुष्कळांस ऐकून ठाऊक असतो, आणि त्याच्या आधारावर ‘वकिलांची चूक आहे, अपील परत मिळेलच’ असे सांगणारे सल्लागारही भेटतात. परंतु गोष्ट येथे संपत नाही. ‘सलील दत्ता विरुद्ध टी. एम. अँड एम. सी. प्रायव्हेट लिमिटेड’ (१९९३) हे प्रकरण कलकत्त्यातील जागा खाली करून घेण्याच्या दाव्याचे होते. ते अपिलाचे नव्हते. दाव्यात झालेला एकतर्फी हुकूमनामा रद्द करण्याविषयीचे होते. पण प्रश्न तोच. वकिलांनी हजर राहू नका असा सल्ला दिला म्हणून आम्ही गेलो नाही, असे प्रतिवादी कंपनीचे म्हणणे होते. सर्वोच्च न्यायालयाने ते मानले नाही. वकिलांवर सर्व दोष ढकलून मोकळे होण्याचा सरसकट नियम असू शकत नाही. रफिकचा निकाल त्याच्या परिस्थितीवर दिलेला होता. येथे प्रतिवादी ही कलकत्त्यातच कार्यालय असलेली, सुशिक्षित व्यवसायी माणसांनी चालविलेली कंपनी आहे, अडाणी खेडूत नव्हे, असे न्यायालयाने म्हटले.

हे दोन निकाल शेजारी ठेवून वाचले म्हणजे व्यापाऱ्याने घ्यावयाचा धडा स्पष्ट होतो. न्यायालयाची अनुकंपा सर्वांस एका मापाने मिळत नाही, आणि ते योग्यच आहे. जो रोजमेळ आणि खतावणी ठेवतो, जो कराचे विवरणपत्र तारखेस भरतो, जो हुंडीची मुदत आणि धनादेशाचा दिवस विसरत नाही, त्याने ‘माझ्या अपिलाची तारीख मला ठाऊक नव्हती’ असे म्हटले तर न्यायाधीशांस ते पटणे कठीण आहे. व्यवहारातील ज्या दक्षतेबद्दल आपण अभिमान बाळगतो, तीच दक्षता न्यायालय आपल्याकडून अपेक्षिते. त्या दक्षतेचा अभाव आपणास खेडुताइतका सहज माफ होईल, असे धरून चालू नये.

मृत्यू आणि वारस

हजर राहूनही अपील बुडण्याचा आणखी एक प्रकार आहे. अपील चालू असता अपीलकर्ता किंवा उत्तरवादी मरण पावला आणि दाव्याचा हक्क पुढे चालण्यासारखा असला, तर आदेश २२ प्रमाणे त्याचे वारस अभिलेखावर आणावे लागतात. मुदत ९० दिवसांची. ती चुकली तर त्या पक्षकारापुरते अपील आपोआप संपुष्टात येते, ज्यास न्यायालयात ‘अबेट होणे’ म्हणतात. ते उठविण्यासाठी पुढे ६० दिवसांत अर्ज करावा लागतो. घरात दुःखाचा प्रसंग असतो, दिवसकार्य असते, वडील माणसाच्या नावाने कोठे कोणते काम चालू आहे हे मुलांस ठाऊक नसते. अशा स्थितीत तीन महिने पाहता पाहता निघून जातात. म्हणून प्रत्येक कर्त्या पुरुषाने आपल्या नावावरील न्यायालयीन कामांची यादी घरात कोणास तरी सांगून ठेवावी. दागिन्यांची आणि येण्याची यादी जशी ठेवतो, तशीच ही.

दावा भागीदारीच्या पेढीच्या नावाने चालला असेल तर आदेश ३०, नियम ४ ने थोडी सोय केली आहे. एका भागीदाराच्या मृत्यूमुळे त्याचे वारस आणणे तेथे आवश्यक नसते. परंतु काम पेढीच्या नावाने आहे की भागीदारांच्या व्यक्तिगत नावांनी, हे प्रथम कागद पाहून ठरवावे. अंदाजाने ठरवू नये.

न्यायालये बदलतात, काम बदलत नाही

सीमाभागातील व दूरच्या सभासदांस आणखी एक दक्षता हवी. न्यायालयांच्या बैठका आणि हद्दी बदलत असतात. बेळगाव भागातील उच्च न्यायालयाची कामे पूर्वी बंगळूर येथे चालत; २००८ पासून ती धारवाड येथे चालतात. हैदराबाद येथे १ जानेवारी २०१९ पासून तेलंगणाचे स्वतंत्र उच्च न्यायालय आहे. मुंबई उच्च न्यायालयाचे फिरते खंडपीठ कोल्हापूर येथे १८ ऑगस्ट २०२५ पासून सुरू झाले असून कोल्हापूर, सांगली, सातारा, सोलापूर, रत्नागिरी व सिंधुदुर्ग या सहा जिल्ह्यांची कामे तेथे येतात. निपाणी-बेळगावच्या पुष्कळ व्यापाऱ्यांची येणी कोल्हापूर-सांगलीकडे अडकलेली असतात. त्यांनी मुंबईत दाखल असलेले आपले अपील आता कोठे आहे याची चौकशी अवश्य करावी. मुंबईचे वकील कोल्हापूरास उभे राहणार आहेत काय, की तेथे दुसऱ्यांस वकीलपत्र द्यावयाचे, हा प्रश्न पुकारा होण्यापूर्वी सुटला पाहिजे.

पेढीवर काय करावे

उपाय कठीण नाहीत. पहिली गोष्ट, प्रत्येक पेढीने न्यायालयीन कामांची एक स्वतंत्र वही ठेवावी. तीत न्यायालय, कामाचा क्रमांक, पक्षकार, वकिलांचे नाव, मागची तारीख, त्या दिवशी काय झाले आणि पुढची तारीख अशी सात घरे असावीत. प्रत्येक कामास आता सोळा अक्षरांचा सीएनआर क्रमांक मिळतो. तोही लिहून ठेवावा. त्या क्रमांकावरून ई-कोर्ट्सच्या संकेतस्थळावर किंवा मोबाइलवरील ॲपवर तारीख घरबसल्या पाहता येते. त्यामुळे आज ‘तारीख कळली नाही’ हे कारण पूर्वीपेक्षाही दुबळे झाले आहे.

दुसरी गोष्ट, महिन्यातून एक दिवस ठरवून ही वही मालकाने स्वतः पाहावी. मुनिमावर सोडू नये. तिसरी, पेढीचा पत्ता किंवा दूरध्वनी बदलल्यास वकिलांस लेखी कळवावे व त्यांच्यामार्फत न्यायालयाच्या कागदांवरही तो बदलून घ्यावा. कारण वकील पक्षकाराकडून सूचना नसल्याची पुरसीस देऊन कामातून मोकळे होऊ पाहतात, तेव्हा त्यांचे पत्र जुन्याच पत्त्यावर जाते. चौथी, न्यायालयाने प्रोसेस फी भरण्यास, जामीन देण्यास किंवा नकला दाखल करण्यास मुदत दिली असेल, तर ती तारीख सुनावणीच्या तारखेइतकीच महत्त्वाची मानावी. खर्चासाठी मागितलेला जामीन मुदतीत न दिल्यास त्या एकाच कारणावरून अपील नाकारले जाऊ शकते. पाचवी, अपील दाखल करतानाच मुदत विचारून घ्यावी: सामान्यतः जिल्हा न्यायालयात ३० दिवस, उच्च न्यायालयात ९० दिवस, आणि २०१५ च्या व्यापारी न्यायालयांच्या कायद्याखालील कामात ६० दिवस.

शेवटची गोष्ट अशी की, जे अपील मनापासून चालवावयाचे नाही ते केवळ वेळ काढण्यासाठी लावू नये. त्यात दोन्हीकडचा पैसा अडकतो आणि व्याज वाढत राहते. ज्यात तथ्य नाही त्याची समोरासमोर बसून तडजोड करावी. ज्यात तथ्य आहे त्याची तारीख सांभाळावी. खरी तक्रार असलेल्या माणसाचे म्हणणे न ऐकताच काम संपावे, यासारखे दुर्दैव नाही. आणि ते टाळणे बहुतेक वेळा त्या माणसाच्याच हाती असते. या वर्षीच्या वहीपूजनाच्या दिवशी सभासद बंधूंनी नव्या खतावणीशेजारी ही एक छोटी वहीही ठेवावी, एवढीच विनंती.